एशू सैतान नव्हे!

नायजेरियाच्या नैऋत्य भागातील योरुबा समाजात २० ऑगस्ट हा दिवस ‘इशेशे दिन’ म्हणून पाळला जातो. इशेशे म्हणजे मूळ परंपरा, पूर्वजांनी घालून दिलेली वाट. ओशुन राज्य या दिवसाची सुट्टी आधीपासूनच देत असे. २०२३ मध्ये लागोस, ओगुन आणि ओयो या राज्यांनीही ती जाहीर केली. त्या वर्षी २० तारखेला रविवार आला, म्हणून सरकारी कचेऱ्या सोमवारी, २१ तारखेला बंद ठेवण्यात आल्या. सुट्टी रविवारात बुडू नये ही दक्षता जगातील सर्वच सरकारी सेवकांना प्रिय असणार, हे उघड आहे. तथापि या सुट्टीचे मोल त्याहून पुष्कळ मोठे होते. ज्या देवांना दीड शतक ‘भुते’ म्हणून हिणवले गेले, त्या देवांच्या नावाने लागोससारख्या महानगरातील शासकीय कामकाज एक दिवस थांबले.

त्याच उन्हाळ्यात ओशोग्बोपासून शंभरएक किलोमीटरवर असलेल्या इलोरिन शहरात मात्र निराळेच घडत होते. ओशुन देवीची उपासना करणाऱ्या एका स्त्रीने तेथे इशेशे उत्सव करण्याचे ठरवले होते. जुलैच्या आरंभी एका मुस्लिम संघटनेची मंडळी तिच्या दारात जाऊन उभी राहिली आणि उत्सव येथे होणार नाही, असे तिला बजावण्यात आले. इलोरिनच्या अमीरांचे वजनही त्याच बाजूला पडले आणि उत्सव रद्द झाला. नोबेल पारितोषिकाचे मानकरी, ज्येष्ठ नाटककार वोले सोयिंका यांनी अमीरांना खुले पत्र लिहून याचा जाहीर निषेध केला. सोयिंका ख्रिस्ती घरात वाढले. पण योरुबांचा लोहदेव ओगुन हा त्यांच्या साहित्याचा प्रेरणास्रोत राहिला आहे.

इलोरिन हे मुळात योरुबा शहर आहे. ओयो साम्राज्याचा सेनापती अफोंजा याने एकोणिसाव्या शतकाच्या दुसऱ्या दशकात आपल्या राजाविरुद्ध बंड केले आणि त्यासाठी अलिमी या फुलानी धर्मपंडिताच्या अनुयायांचे साहाय्य घेतले. काही वर्षांतच त्याच साहाय्यकांच्या हातून अफोंजा मारला गेला आणि इलोरिन अमिरात बनले. घरातल्या भांडणासाठी बाहेरचे बळ आणणाऱ्यांचे पुढे काय होते, हे सांगण्यासाठी भारतीय वाचकाला आफ्रिकेतील उदाहरणाची गरज नाही. मात्र या घटनेवरून सरसकट निष्कर्ष काढणेही चुकीचे ठरेल. योरुबा प्रदेशात इस्लाम ख्रिस्ती धर्माच्या कितीतरी आधी पोहोचला. आज चार कोटींहून अधिक असलेल्या या समाजात एका भावाचा चर्चकडे, दुसऱ्याचा मशिदीकडे ओढा आणि आजी मात्र ओरिशाची उपासक, अशी कुटुंबे आढळतात. सण एकमेकांचे जेवून साजरे होतात. इलोरिनमध्ये जे घडले, ते या सहज सहजीवनाच्या विरोधातले होते. म्हणूनच ते सोयिंकांसारख्यांना एवढे झोंबले.

ज्यावरून हे सारे घडले, तो धर्म तरी कसा आहे? ‘आफ्रिकेतील आदिम लोकांचा जादूटोणा’ या दोन-तीन शब्दांत आपल्याकडची सुशिक्षित मंडळीही त्याची बोळवण करतात. त्यामुळे तो थोडा तपशिलात पाहिला पाहिजे.

योरुबांच्या श्रद्धेनुसार सर्वांच्या वर ओलोदुमारे आहे. त्यालाच ओलोरुन, म्हणजे आकाशाचा स्वामी, असेही म्हणतात. त्याचे मंदिर नाही, मूर्ती नाही, पुजारी नाही. सृष्टीचे व्यवहार पाहतात ते ओरिशा. त्यांची संख्या परंपरेने ‘चारशे आणि एक’ अशी सांगतात. तो वरचा ‘एक’ महत्त्वाचा. कारण यादी कधीच पूर्ण होत नाही, आणखी एकाला जागा नेहमीच शिल्लक असते, असा त्याचा अर्थ लावला जातो. विजेचा आणि न्यायाचा देव शांगो हा एकेकाळी ओयोचा राजा होता असे मानतात. ओगुन लोखंडाचा देव. लोहार, शिकारी, सैनिक यांच्याबरोबर आज मोटारचालक आणि यंत्रकामगारही त्याला मानतात. खंडेनवमीला हत्यारांना हळदकुंकू वाहणाऱ्या घरात हे समजावून सांगावे लागणार नाही. नायजेरियाच्या न्यायालयात पारंपरिक धर्माचा साक्षीदार ग्रंथाऐवजी लोखंडाच्या तुकड्यावर शपथ घेऊ शकतो, ती या ओगुनचीच.

पृथ्वीच्या उत्पत्तीची कथा इले-इफे या नगरीशी जोडलेली आहे. आरंभी खाली सर्वत्र पाणीच होते. ओलोदुमारेने ओबातालाला जमीन घडवण्यासाठी पाठवले. पण वाटेत ताडी पिऊन तो झोपी गेला. मग ओदुदुवा साखळीवरून खाली उतरला, त्याने पाण्यावर मूठभर माती टाकली आणि एक कोंबडा सोडला. कोंबड्याने ती माती पायांनी उकरून चहूकडे पसरली, तीच ही भूमी. ओबातालाच्या वाट्याला नंतर माणसाचा देह घडवण्याचे काम आले. जन्मतः व्यंग असलेली माणसे त्याची खास लेकरे मानली जातात, त्यांची हेटाळणी करणे हा त्याचा अपराध ठरतो आणि त्याच्या उपासकांना ताडी वर्ज्य असते. देवाच्या हातून चूक झाली हे मान्य करून तिचे प्रायश्चित्त भक्तांनी पाळायचे, ही कल्पना ज्या समाजाला सुचली, त्याला आदिम म्हणताना जीभ थोडी अडखळली पाहिजे.

याहूनही सूक्ष्म कल्पना आहे ती ‘ओरी’ची. ओरी म्हणजे शब्दशः डोके. पण अर्थ अंतरीच्या डोक्याचा, म्हणजे प्रत्येकाच्या प्राक्तनाचा. जन्मापूर्वी प्रत्येक जीव अजाला नावाच्या दिव्य कुंभाराकडे जातो आणि तेथल्या डोक्यांतून स्वतःचे डोके निवडतो. काही पक्की भाजलेली असतात, काही कच्ची. बाहेरून मात्र कळत नाही. निवड करून पृथ्वीवर येताना ती विसरली जाते. मराठी घरात पाचवीच्या रात्री सटवाई येऊन बाळाच्या कपाळावर लिहून जाते. योरुबांच्या मते ते ज्याचे त्यानेच निवडलेले असते. मग आयुष्यभर माणसाने करायचे काय? तर आपली निवड काय होती हे जाणून घ्यायचे, तिच्यातले कच्चे असेल ते सदाचाराने आणि अर्पणाने सावरायचे. सौम्य, सरळ स्वभाव हेच माणसाचे खरे सौंदर्य, असे ही परंपरा मानते.

ते जाणून घेण्याचे शास्त्र म्हणजे इफा. याचा अधिष्ठाता ओरुन्मिला आणि जाणकार तो बाबालावो, म्हणजे ‘गूढांचा पिता’. त्याच्यापुढे लाकडी तबक असते आणि त्यावर बारीक भुकटी पसरलेली असते. पृच्छक आपला प्रश्न मोठ्याने सांगत नाही, तो पुटपुटतो. बाबालावो तेलमाडाच्या सोळा बिया ओंजळीत घेऊन उजव्या हाताने सगळ्या एकदम उचलू पाहतो. मागे एक बी उरली तर भुकटीत दोन रेघा, दोन उरल्या तर एक रेघ. काहीच न उरल्यास किंवा अधिक उरल्यास ती खेप बाद. अशा आठ खेपांतून एक आकृती तयार होते, तिला ‘ओडू’ म्हणतात. प्रत्येक खेपेला दोनच शक्यता, म्हणून एकूण ओडू २५६. त्यांतले सोळा प्रमुख. प्रत्येक ओडूशी जोडलेली पुष्कळशी पद्ये बाबालावोला मुखोद्गत असावी लागतात. त्यासाठी मुलगा लहानपणीच गुरूच्या घरी जातो आणि वर्षानुवर्षे तेथेच राहतो, सेवा करतो, ऐकतो, म्हणतो.

या पद्यांची रचना मोठी वेधक आहे. फार पूर्वी अमुक माणसाने, प्राण्याने किंवा झाडाने अमुक अडचणीत इफाला प्रश्न विचारला; त्याला अमुक अर्पण करण्यास सांगितले गेले; त्याने ते केले वा केले नाही आणि परिणाम असा झाला. न्यायालयातील पूर्वनिवाड्यांसारखीच ही पद्धत आहे. बाबालावो एकामागून एक पद्य म्हणत जातो आणि आपल्या प्रश्नाशी जुळणारे कोणते, हे पृच्छक स्वतः ओळखतो. निदान करणाऱ्याला रोग माहीत नाही आणि औषध रोग्यानेच निवडायचे, अशा या पद्धतीला ‘भविष्य सांगणे’ म्हणणे फारच अपुरे आहे. शेती, औषधी, इतिहास, नीती, विनोद असे सारे काही या पद्यांत साठवलेले आहे. लेखणीविना, ग्रंथाविना एक ज्ञानकोश माणसांच्या कंठात शतकानुशतके टिकला. युनेस्कोने मानवजातीच्या मौखिक वारशात वेदपठणाच्या परंपरेचा समावेश २००३ मध्ये केला आणि इफाचा २००५ मध्ये. २००८ च्या यादीत हे दोन्ही वारसे एकत्र आले. वांदे अबिंबोला यांच्यासारखा विद्वान याच परंपरेतून आला. इफे येथील विद्यापीठाचे कुलगुरुपद आणि जगभरच्या इफा-उपासकांचे प्रवक्तेपद एकाच माणसाने भूषवले, ही गोष्ट ‘शिक्षण वाढले की श्रद्धा मावळते’ म्हणणाऱ्यांनी ध्यानात ठेवावी.

आणि आता एशू.

एशू हा ओरिशांचा दूत. माणसाचे अर्पण देवांपर्यंत तोच पोहोचवतो, म्हणून कोणत्याही पूजेत त्याचा वाटा आधी काढावा लागतो. चव्हाटा, बाजार आणि उंबरठा ही त्याची ठिकाणे. जांभ्या दगडाचा एक ओबडधोबड धोंडा आणि त्यावर ओतलेले लालसर पामतेल, एवढेच त्याचे रूप. वेशीवरचा शेंदूर फासलेला दगड पाहत वाढलेल्या मराठी माणसाला त्यात अपरिचित असे काही वाटू नये. एशू खोडकर आहे. दोन जिवलग मित्रांची शेते शेजारी होती. एशू मधल्या बांधावरून चालत गेला. त्याच्या टोपीची एक बाजू लाल, दुसरी पांढरी. ‘लाल टोपीवाला गेला’, ‘छे, पांढऱ्या टोपीवाला’ यावरून मित्रांत हाणामारी झाली. तेव्हा एशूने परत येऊन टोपी दाखवली. आपल्याला दिसली तेवढीच बाजू खरी मानणाऱ्या माणसाची तो अशी परीक्षा घेतो. तो कठोर आहे, बेभरवशाचा आहे, पण ओलोदुमारेचा वैरी मुळीच नाही. ईश्वराशी कायमचे युद्ध मांडणारी अशी कोणी दुष्ट सत्ता योरुबा विश्वात नाहीच.

या एशूचा सैतान कसा झाला, ही कथा एका माणसाच्या चरित्रातून सांगता येते, आणि ते चरित्र करुण आहे. ओशोगुन गावचा अजायी नावाचा मुलगा १८२१ मध्ये, वयाच्या बाराव्या-तेराव्या वर्षी, गुलाम पकडणाऱ्यांच्या हाती लागला. पकडणारे बाहेरचे गोरे नव्हते. योरुबा भूमीतील आपसातील युद्धांतूनच असे बंदी विकले जात, हेही सांगितले पाहिजे. अनेक हात बदलून तो पोर्तुगीज गुलामजहाजावर चढवला गेला. १८२२ मध्ये ब्रिटिश आरमाराने ते जहाज पकडले आणि मुलाला सिएरा लिओनमध्ये उतरवले. तेथे १८२५ मध्ये त्याचा बाप्तिस्मा झाला आणि तो सॅम्युएल अजायी क्राऊथर बनला. ज्या हातांनी बेड्या तोडल्या, त्यांच्या धर्माविषयी त्याला कृतज्ञता वाटली तर त्याला दोष देता येत नाही. १८४६ मध्ये, पंचवीस वर्षांनंतर, अबेओकुटा येथे त्याला आपली आई पुन्हा भेटली.

क्राऊथर असामान्य बुद्धीचा भाषाशास्त्रज्ञ होता. १८४३ मध्ये त्याने योरुबा शब्दसंग्रह प्रसिद्ध केला, आणि त्याच्या नेतृत्वाखाली योरुबा बायबल सिद्ध झाले. योरुबा ही लिखित भाषा म्हणून उभी राहिली, त्यात त्याचा वाटा मोठा आहे; हे ऋण योरुबा समाज आजही मानतो. पण बायबलच्या भाषांतरात दोन शब्द हवे होते. ‘गॉड’साठी त्याने ओलोरुन घेतला. ‘सेटन’साठी समाजाच्या शब्दकोशात शब्दच नव्हता, कारण ती कल्पनाच नव्हती. तेथे एशू बसवला गेला. एका फटकाऱ्यात उंबरठ्याचा देव नरकाचा राजा झाला. सैन्य लागले नाही, एकही देऊळ पाडावे लागले नाही. शाळेत त्या बायबलवर मुळाक्षरे शिकलेल्या पिढीला आजोबांच्या दाराशी असलेला तेल माखलेला दगड पाहून आपले आजोबा सैतानाचे पुजारी असल्याचा साक्षात्कार झाला. आजोबांना मात्र आपण काय अपराध केला, हे अखेरपर्यंत समजले नसेल.

पुढे नावेही बदलली. योरुबा नावात कुलदैवताचा उल्लेख असतो. इफा, ओगुन, शांगो, एशू यांनी आरंभ होणारी कितीतरी नावे आहेत. धर्मांतरित घरांतून ही आद्याक्षरे खोडून त्याजागी ‘ओलू’ किंवा ‘जेसू’ घालण्याची रीत पडली. ‘एशू’ आणि ‘जेसू’ हे शब्द लिहिण्यात एकमेकांच्या बरेच जवळचे आहेत. अलीकडे गूगलच्या यांत्रिक भाषांतरातही एशूला बराच काळ ‘डेव्हिल’ हाच प्रतिशब्द येत असे. योरुबा भाषकांनी आक्षेप घेतल्यावर तो बदलला गेला. क्राऊथरच्या लेखणीची शाई अशी दीडशे वर्षांनी संगणकात उतरली होती. म्हणूनच ‘एशू सैतान नव्हे’ या घोषवाक्याचे फलक घेऊन नायजेरियात मिरवणुका निघतात, आणि त्या नाताळाच्या आदल्या दिवशी, २४ डिसेंबरला काढल्या जातात.

स्वतः क्राऊथरला या निष्ठेचे फळ काय मिळाले? १८६४ मध्ये तो अँग्लिकन चर्चचा पहिला आफ्रिकी बिशप झाला. पण उतारवयात इंग्लंडहून आलेल्या कोवळ्या मिशनऱ्यांनी त्याच्या कारभाराची चौकशी मांडली, त्याचे अधिकार काढून घेतले आणि १८९१ मध्ये तो निवर्तल्यावर त्याच्या जागी गोरा बिशप बसवला. देव बदलला, नाव बदलले, भाषा त्यांच्या कामी लावली, तरी कातडीचा रंग आड आलाच.

विद्वानांनीही काही कमी केले नाही. एडवर्ड टायलर याने १८७१ मध्ये ‘अॅनिमिझम’ ही कल्पना मांडली आणि जगातील शेकडो उपासनापद्धती त्या एका गाठोड्यात बांधल्या गेल्या. १९१० मध्ये लिओ फ्रोबेनियस हा जर्मन संशोधक इफेला पोहोचला. तेथील शिल्पांतले मानवी चेहरे इतके जिवंत, इतके प्रमाणबद्ध होते की ते काळ्या माणसांनी घडवले हे त्याला पटेना. ही लुप्त झालेल्या अटलांटिसची, ग्रीकांच्या कुळीची निर्मिती असली पाहिजे, असा सिद्धांत त्याने ठोकून दिला. पुढे १९३८ मध्ये इफेतच जमिनीखालून धातूचे आणखी शीर्षशिल्पे निघाली आणि ती स्थानिक परंपरेतलीच, युरोपीय संपर्काच्या कितीतरी आधीची ठरली.

पुढच्या पिढीत आफ्रिकी विद्वान स्वतः लिहू लागले. बोलाजी इदोवू यांनी १९६२ मध्ये ओलोदुमारेवर ग्रंथ लिहून योरुबांची ईश्वरकल्पना किती उदात्त आहे हे जगापुढे मांडले. इदोवू मेथडिस्ट चर्चचे धर्माधिकारी होते. त्यांचे कार्य मोलाचे होते यात शंका नाही. पण युगांडाचे कवी आणि मानववंशशास्त्रज्ञ ओकोट प’बिटेक यांनी त्यावर आणि त्यासारख्या लेखनावर बोट ठेवले. ख्रिस्ती शिक्षणात वाढलेले हे अभ्यासक आफ्रिकेच्या देवांना परक्या तत्त्वज्ञानाची वस्त्रे चढवतात, असा त्यांचा आक्षेप होता. म्हणजे ‘आमच्यातही एकच देव आहे हो’ असे सांगून प्रतिष्ठा मागायची. मापदंड मात्र समोरच्याचाच. हा आक्षेप आपल्याकडेही लक्षपूर्वक ऐकण्याजोगा आहे. एकोणिसाव्या शतकात अनेक भारतीय सुधारकांनी आपल्या मूर्तींबद्दल याच सुरात खुलासे दिले होते. आणि आज योरुबांचे सर्व काही ‘आपल्यासारखेच’ आहे असे उत्साहाने म्हणणारेही तीच चूक दुसऱ्या दिशेने करतात. ओगुनला ओगुनच राहू द्यावे.

अटलांटिक ओलांडून सुमारे सव्वा कोटी आफ्रिकी माणसे गुलाम म्हणून जहाजांत कोंबली गेली. त्यांच्या मोबदल्यात किनाऱ्यावर ओतल्या गेलेल्या कवड्या मालदीव बेटांतून हिंदी महासागरमार्गे तेथवर आलेल्या होत्या. तुळजाभवानीच्या गळ्यातील माळेत जी कवडी पवित्र, तीच तेथे माणसाची किंमत ठरली. आणि पुन्हा तीच कवडी, सोळांच्या संख्येने, ओशुनच्या उपासकांच्या हाती देवाशी बोलण्याचे साधन बनली. क्युबात शांगो संत बार्बराच्या प्रतिमेआड लपला. ब्राझीलच्या बाहिया प्रांतात ‘कांदोंब्ले’ नावाने ओरिशांची उपासना टिकली. तेथे १९७६ पर्यंत त्यासाठी पोलिसांचा परवाना लागत असे. साल्व्हादोरमधील ‘कासा ब्रांका’ या उपासनास्थळाला ब्राझीलने १९८४ मध्ये राष्ट्रीय वारसा म्हणून मान्यता दिली. अमेरिकेत हायलिया नगराने क्युबन उपासकांचे पशुबळी रोखण्यासाठी खास नियम केले. ते धर्मस्वातंत्र्याचा भंग करणारे आहेत, असा एकमुखी निर्णय तेथील सर्वोच्च न्यायालयाने १९९३ मध्ये दिला. कसायाच्या दुकानाला मोकळीक आणि वेदीला बंदी, असा तो पक्षपाती कायदा होता. पशुबळीविषयी येथील वाचकांचे मत प्रतिकूल असेल, आणि ते असण्याचा त्यांना अधिकार आहे. परंतु न्यायालयापुढचा प्रश्न वेगळा होता. बेड्यांतून नेलेल्यांच्या वंशजांना परक्या मुलखात जी मान्यता मिळाली, ती मूळ भूमीत राहिलेल्यांना इलोरिनमध्ये मिळाली नाही, हा यातला विपर्यास.

शेजारच्या बेनिन देशाची गोष्ट थोडी आशादायक आहे. तेथील वोदुन उपासनेची योरुबा परंपरेशी भाऊबंदकी आहे. इफा तेथे ‘फा’ होतो, एशू ‘लेग्बा’ होतो. १९७० च्या दशकातील मार्क्सवादी राजवटीने तिच्यावर बडगा उगारला. लोकशाही आल्यावर १९९० च्या दशकात १० जानेवारी हा वोदुनचा राष्ट्रीय सुट्टीचा दिवस ठरला. १९९३ मध्ये पोप जॉन पॉल दुसरे बेनिनला गेले तेव्हा त्यांनी वोदुनच्या धर्मगुरूंची भेट घेतली.

या किनाऱ्यावरचा एक तपशील महाराष्ट्रातील वाचकांना नक्कीच चकित करील. हॅम्बुर्गमध्ये एकोणिसाव्या शतकात छापलेले एका गारुडीणीचे रंगीत चित्र पश्चिम आफ्रिकेत ‘मामी वाता’ या जलदेवतेचे रूप म्हणून लोकप्रिय झाले. १९५५ मध्ये मुंबईतील एका कॅलेंडर कंपनीने ते पुन्हा छापून घानातील कुमासी शहरी पाठवले. भारतीय व्यापाऱ्यांच्या दुकानांतून आपल्या देवदेवतांच्या तसबिरीही तेथे पोहोचत होत्या. त्यांतली दत्तात्रेयाची तसबीर एवे समाजाने उचलली. तीन शिरे, सहा हात, पायाशी श्वान, मागे गाय. या मूर्तीत त्यांना आपला जलदेव ‘डेन्सू’ दिसला. टोगो आणि बेनिनमधील देवळांच्या भिंतींवर डेन्सू त्या रूपात रंगवलेला आढळतो. औदुंबराखाली बसलेला दत्त तेथे समुद्रकिनारी जाऊन बसला, आणि त्याला तेथे कोणी परका म्हटले नाही, त्याच्या गावाचा दाखलाही मागितला नाही. ‘चारशे आणि एक’मधला तो ‘एक’ म्हणतात, तो हाच.

या परंपरेत दोष नाहीत असे नव्हे. एकोणिसाव्या शतकापर्यंत काही राजदरबारांत नरबळी होते. आजही झटपट श्रीमंतीसाठी ‘विधी’ करून देतो म्हणणारे भोंदू आहेत आणि त्यापायी खून पडल्याच्या बातम्या नायजेरियात येत असतात. चित्रपटांनी तर प्रत्येक बाबालावोला खलपुरुष करून टाकले आहे. परंपरेचे जाणकार हे आमचे नव्हेत, असे पुन्हा पुन्हा सांगतात; नुसते सांगून मात्र भागत नाही. याबाबत एदो लोकांच्या बेनिन नगरीतील राजा, ओबा एवुआरे दुसरे, यांनी मार्च २०१८ मध्ये जे केले ते नमूद करण्याजोगे आहे. युरोपात वेश्याव्यवसायासाठी मुली पाठवणारे दलाल त्यांना देवळात शपथ घालत; शपथ मोडली तर मरण, या धाकाने त्या तोंड उघडत नसत. ओबांनी राज्यातील पुजाऱ्यांना बोलावले, त्या सर्व शपथा रद्द झाल्याचे जाहीर केले आणि पुढे अशी शपथ घालणाऱ्यांना शाप दिला. पोलिसांना जे बंधन तोडता येत नव्हते, ते ज्या श्रद्धेने बांधले होते तिच्याच अधिकाराने तुटले. सुधारणा आतून होते तेव्हा ती अशी होते.

नायजेरियाच्या राज्यघटनेने कलम ३८ अन्वये धर्मस्वातंत्र्य दिले आहे आणि कलम १० अन्वये राज्याला कोणताही अधिकृत धर्म नाही. प्रत्यक्षात राष्ट्रीय सुट्ट्यांच्या यादीत नाताळ, ईस्टर आणि दोन्ही ईद आहेत, पारंपरिक धर्माचा एकही दिवस नाही. १९९१ आणि २००६ च्या जनगणनेत धर्माचा प्रश्नच विचारला गेला नाही. दोन मोठ्या धर्मांतील आकड्यांचे भांडण टाळणे हा हेतू. परिणाम असा, की तिसरा मोजलाच जात नाही. इशेशेचे अनुयायी आज मागत आहेत त्या गोष्टी साध्या आहेत. त्यांचा सण देशभर मानला जावा, शाळेत त्यांच्या मुलाला देवाचे नाव लपवावे लागू नये आणि इलोरिनमधल्या त्या उपासिकेला तिच्या अंगणात उत्सव करता यावा.

ओशोग्बोचे पवित्र वन मात्र उभे आहे. ओशुन नदीकाठचे हे पंचाहत्तर हेक्टरांचे अरण्य. पाण्याच्या शोधात आलेल्या शिकाऱ्यांनी पाडलेले झाड नदीत कोसळले आणि खालून देवीचा आवाज आला, माझी रंगाची मडकी फोडलीत. अशी या गावाच्या स्थापनेची कथा आहे. १९५० च्या दशकात हे वन सागलागवड आणि अतिक्रमणे यांनी कुरतडले जात होते. ते वाचवले ते ऑस्ट्रियातून आलेल्या सुझान वेंगर या चित्रकर्तीने. ती येथे आली, ओरिशांची दीक्षा घेऊन अदुन्नी झाली, गावच्या कारागिरांना घेऊन तिने देवीची जागा पुन्हा मूर्तींनी भरली आणि २००९ मध्ये, वयाच्या त्र्याण्णवाव्या वर्षी, येथेच देह ठेवला. २००५ मध्ये वन जागतिक वारसा ठरले. दरवर्षी पावसाळ्यात येथे मोठा उत्सव भरतो. अरुग्बा, म्हणजे मस्तकी अर्पणाचा घट घेतलेली कुमारिका, मिरवणुकीने नदीकडे जाते. ती मौन पाळते आणि तिचा पाय अडखळू नये म्हणून सारा समुदाय श्वास रोखून चालतो. गावचे राजे स्वतः मुस्लिम वा ख्रिस्ती असले तरी या उत्सवाचे यजमानपद त्यांच्याकडेच असते. बाहियातून, क्युबातून, अमेरिकेतून गुलामांचे पणतू-खापरपणतू या घाटावर येतात आणि पाणी डब्यांत भरून घेतात.

अलीकडच्या वर्षांत ते पाणी तपकिरी झाले आहे. वरच्या अंगाला, नदीच्या पात्रालगत सोन्यासाठी बेकायदा खोदकाम चालते. गाळ आणि विषारी धातू वाहत खाली येतात. उत्सवात हे पाणी पिऊ नका, असे इशारे शासनाला द्यावे लागले आहेत. ज्या पाण्याने मूल होते, आजार जातो असे मानून लोक समुद्र ओलांडून येतात, ते ओठाला लावू नये, हे सांगण्याची वेळ आली आहे. खाणी परक्यांनी चालवल्या की आपल्यांनी, यावर वाद आहेत. खोदणारे हात आसपासच्या गावांतले आहेत आणि त्यांत रविवारी चर्चला जाणारे, शुक्रवारी नमाज पढणारे आणि ओशुनलाही हात जोडणारे असे सारेच आहेत. उत्सवाच्या दिवशी अरुग्बा घाटावर पोहोचते, घट रिता होतो आणि इशारा माहीत असलेली माणसेही गुडघाभर पाण्यात उतरून ओंजळ भरून घेतात.